टाकून दिलेला अपूर्णांक

पोकेमॉनच्या खेळात पकडलेल्या प्रत्येक प्राण्याचे एक पान असते आणि त्यावर सहा आकडे असतात: एचपी, अटॅक, डिफेन्स, स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि स्पीड. दोन पिकाचूंची पाने शेजारी ठेवून पाहिली, दोघांची लेव्हल पाच, दोघांचा स्वभाव एकच, तरी एकाचा स्पीड १४ निघतो आणि दुसऱ्याचा १५. असे का, ते पानावर कुठेच लिहिलेले नसते. प्रत्येक प्राणी आपल्यासमोर येतानाच सहा गुप्त आकडे अंगात घेऊन येतो. खेळणारे त्यांना आयव्ही म्हणतात. २००२ साली आलेल्या रूबी आणि सफायरपासून हा प्रत्येक आकडा ० ते ३१ यांपैकी काहीही असू शकतो. दिसणाऱ्या आकड्यांवरून हे न दिसणारे शोधून काढणे हा खेळाच्या पोटातला दुसरा खेळ आहे, आणि मला तो पहिल्याहून श्रेष्ठ वाटतो. त्याचे सगळे सौंदर्य एका सूत्रात आहे. ते सूत्र घाई न करता, शब्दाशब्दावर थांबत वाचायला हवे.

सूत्र असे: त्या प्रजातीचा बेस आकडा घ्या, त्याची दुप्पट करा. त्यात आयव्ही मिळवा. लढाया करून कमावलेले ईव्ही गुण चारने भागून त्यात घाला. आलेल्या बेरजेला लेव्हलने गुणा, १०० ने भागा आणि अपूर्णांक टाकून द्या. मग ५ मिळवा. स्वभावाप्रमाणे दहा टक्के वाढवा, दहा टक्के घटवा किंवा आहे तसेच ठेवा, आणि पुन्हा अपूर्णांक टाकून द्या. एचपीचे सूत्र थोडे निराळे आहे. स्वभावाचा त्यावर काही परिणाम होत नाही.

आता यातली वजने पाहा. पिकाचूच्या स्पीडचा बेस ९०, म्हणजे प्रजातीकडून आले १८०. जन्माची देणगी फार तर ३१. कमाई मात्र ६३ पर्यंत जाते, कारण एका गुणात २५२ ईव्ही कामी येतात आणि त्यांचा चौथा हिस्सा ६३ होतो. सूत्र रचणाऱ्यांनी मेहनतीला जन्माच्या दुप्पट वजन दिले आहे. शिवाय एका प्राण्याला सगळे मिळून ५१० ईव्हीच मिळू शकतात, म्हणजे जेमतेम दोन गुण पूर्ण भरतात. आपण काय व्हायचे ते निवडावेच लागते. प्रजाती, जन्म, कष्ट, वय आणि स्वभाव अशा पाच गोष्टी एका ओळीत बसवल्या आणि प्रत्येकीला तिच्या योग्यतेइतकीच जागा दिली. चांगल्या चरित्रकारालाही हे प्रमाण सांभाळताना कष्ट पडतात.

पण माझ्या मते या सूत्रातले सर्वांत मोलाचे शब्द आहेत ‘अपूर्णांक टाकून द्या’. ते नसते तर दोन मिनिटांत उलटी आकडेमोड करून आयव्ही हाती आला असता आणि विषय संपला असता. सगळी लपवाछपवी, सगळी चुरस त्या टाकून दिलेल्या अपूर्णांकात आहे.

एक उदाहरण शेवटपर्यंत नेतो. फायररेड या खेळात व्हिरिडियनच्या जंगलात पाचव्या लेव्हलचा पिकाचू सापडला असे धरू. नुकताच पकडलेला, म्हणून कमाई शून्य. स्वभाव स्पीड वाढवणारा नाही की घटवणारा नाही. पानावर स्पीड १५ दिसतो. आयव्ही ० ते १९ असता तर १४ दिसला असता. तेव्हा आयव्ही २० ते ३१ यांत कुठेतरी आहे. बारा शक्यता उरल्या. आता त्याला लढायला न्यायचे नाही, कारण लढला की कमाईचे गुण मिसळणार आणि हिशेब गढूळ होणार. म्हणून खेळणारे त्याला रेअर कँडी चारतात; तिने नुसती लेव्हल वाढते. सहावी लेव्हल: १७. वीसवाला असो की एकतीसवाला, दोघांनाही १७ च. सातवी, आठवी, नववी, तिथेही तेच. चार लेव्हल आकडा वाढतो, पण नवे काही कळत नाही. बेस धरून बेरीज २०० ते २११ च्या दरम्यान असल्याने पूर्णांक सगळ्यांचा सारखा येतो आणि वेगळेपण फक्त अपूर्णांकात साठत राहते. दहाव्या लेव्हलला २५ दिसतो. ३० किंवा ३१ असता तर २६ आला असता. दोन शक्यता गळाल्या. अकराव्या लेव्हलला २७. पुन्हा काही नाही. बाराव्या लेव्हलला ३० दिसतो, आणि एका क्षणात सगळे उलगडते. २० ते २८ पर्यंतच्या कुणालाही इथे २९ च मिळाला असता. ३० गाठणारा एकच उरतो: आयव्ही २९.

आता मागे वळून अकरावी लेव्हल पाहावी. १८० अधिक २९ म्हणजे २०९. त्याला ११ ने गुणून १०० ने भागले की २२.९९ येतात. यंत्राने तिथे .९९ टाकून दिले होते. बाराव्या लेव्हलला २५.०८ येतात, म्हणजे आठ शतांशांनी उंबरठा ओलांडला. ज्याच्या वाट्याला काही आले नाही असे वाटत होते, तो पूर्णांकापासून एक शतांश दूर उभा होता. ही जागा मी कितीदाही वाचू शकतो.

आमच्या खामगावला रजतनगरी म्हणतात. इथली चांदी शुद्धतेसाठी नावाजलेली आहे. सराफ दागिना कसोटीच्या दगडावर घासतो, आम्लाचा थेंब टाकतो आणि उमटलेल्या रंगावरून आतली भेसळ वाचतो. रेअर कँडीचे काम त्या थेंबाचेच आहे. एका थेंबाने निकाल लागत नसेल तर दुसरा टाकायचा, पण दागिना वितळवायचा नाही.

पुढे २००६ साली डायमंड आणि पर्ल आले, आणि त्यांत खेळ रचणाऱ्यांनी फार सुंदर गोष्ट केली. प्रत्येक प्राण्याच्या पानावर त्याच्या वागण्याविषयी एक छोटे वाक्य आले. कुणाला पळायला आवडते, कुणी आवाजाला कान टवकारतो, कुणी चटकन पळ काढतो. नवख्याला ही नुसती सजावट वाटते. प्रत्यक्षात ते वाक्य दोन गोष्टी सांगते: सहांतला सर्वांत मोठा आयव्ही कोणत्या गुणाचा, आणि त्याला पाचने भागले तर बाकी किती उरते. स्पीड सर्वांत वरचढ असून बाकी ४ उरत असेल तर तो ‘चटकन पळ काढणारा’. आपला पिकाचू पाल पार्क या स्थलांतराच्या सोयीतून डायमंडमध्ये नेला आणि स्पीडच त्याचा सर्वांत मोठा गुण असला, तर त्याच्या पानावर हेच वाक्य येणार. बाकी ४ म्हणजे शेवटचा अंक ४ किंवा ९. पाचव्या लेव्हलला कळलेल्या २० ते ३१ या पट्ट्यात मग २४ आणि २९ एवढेच उरतात. सूत्र पट्टा देते, वाक्य बाकी देते, दोन्ही मिळून आकडा देतात. आणि तरीही ते वाक्य त्या प्राण्याचे वर्णन म्हणून खरेच राहते. संकेत आणि वर्णन एकाच ओळीत इतके एकजीव झालेले मी इतर खेळांत क्वचितच पाहिले.

या सगळ्याचे मूळ मात्र आणखी मागे, २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानात गेमबॉयसाठी निघालेल्या रेड आणि ग्रीनमध्ये आहे. तेव्हा गुप्त आकडा ० ते १५ असे आणि त्याला चार बिट लागत. अटॅक, डिफेन्स, स्पीड, स्पेशल: चार चोक सोळा बिट, म्हणजे दोन बाइट झाले. एचपीला जागाच ठेवली नाही. मग त्याचा आकडा आणायचा कुठून? इतर चौघांच्या सम-विषमवरून. अटॅकचा आकडा विषम असेल तर ८, डिफेन्सचा विषम असेल तर ४, स्पीडचा असेल तर २, स्पेशलचा असेल तर १. बेरीज म्हणजे एचपी. ज्याला स्वतःचे घर नाही, त्याला चौघांनी आपापल्या शेवटच्या बिटातून वाटा दिला. त्या काळात जागेची टंचाई किती होती याचा अंदाज म्यूवरून येतो. चुका शोधण्याची साधने काढून टाकल्यावर सुमारे ३०० बाइट मोकळे झाले आणि शिगेकी मोरिमोतो यांनी त्यांत म्यू हा प्राणी बसवला. अशा काटकसरीतून एचपीची ही युक्ती आली, आणि तिला एक अनपेक्षित फळ आले.

१९९९च्या गोल्ड आणि सिल्व्हरमध्ये काही विरळ प्राणी वेगळ्या रंगाचे दिसू लागले. तो रंग याच आकड्यांवरून ठरे. डिफेन्स, स्पीड आणि स्पेशल हे तिन्ही नेमके १० हवेत, आणि अटॅक ठरावीक आठ आकड्यांपैकी एक हवा. हा योग ८१९२ प्राण्यांत एकदा येतो. म्हणजे इथे आतला आकडा थेट कातडीवर उमटला. लेक ऑफ रेजमधला लाल ग्यारादोस आठवा. त्याचा अटॅक १४ आणि बाकी तिन्ही १०. चारही सम. मग त्याचा एचपीचा आकडा? शून्य. त्या खेळातला सर्वांत रुबाबदार प्राणी, आणि चौघांपैकी एकानेही त्याला वाटा दिलेला नाही. हे कुणी मुद्दाम लिहिले नव्हते, तो नियमाचाच परिणाम होता.

त्याच खेळातली एक गोष्ट मला मुळीच मान्य नाही. तिथे नर-मादी अटॅकच्या आकड्यावरून ठरत. निम्मे-निम्मे प्रमाण असलेल्या प्रजातीत ० ते ७ म्हणजे मादी, ८ ते १५ म्हणजे नर. परिणामी अटॅकचा वरचा अर्धा पट्टा माद्यांना कधीच मिळत नसे. जागा वाचली, पण अन्याय झाला. २००२ मध्ये रंग आणि नर-मादी हे दोन्ही धागे गुप्त आकड्यांपासून सोडवले गेले, ते फार बरे झाले.

हे खेळ कल्पणारे सातोशी ताजिरी लहानपणी टोकियोजवळच्या माचिदात किडे गोळा करीत. किडे गोळा करणाऱ्याला एकाच जातीचे दोन भुंगे कधी सारखे वाटत नाहीत. गुप्त आकड्यांमुळे ते वेगळेपण खेळात उतरले. त्यांच्याविना सगळे पिकाचू एकाच साच्यातून निघाले असते आणि त्यांना पकडण्यात काही अर्थ उरला नसता.

आमच्याकडे पिकाचू आधी कार्टून नेटवर्कवरून हिंदी बोलत आला. भारतात पोकेमॉन गो डिसेंबर २०१६ मध्ये आला. त्यात तीनच गुप्त आकडे आहेत, ० ते १५. एकूण ४०९६ मिश्रणे. सुरुवातीला संघाचा नेता प्राणी पाहून मोघम मत देई, आणि त्या मतामागे बेरजेचे चार पट्टे असत: ३७ ते ४५, ३० ते ३६, २३ ते २९ आणि त्याखाली. सीपी (लढण्याची ताकद), एचपी आणि ताकद वाढवायला लागणारी स्टारडस्ट यांच्याशी ते मत ताडून पाहावे लागे. २०१९ मध्ये तारे आणि पट्ट्या आल्या आणि आकडा उघडा पडला. देवळे, पुतळे, बागा हीच या खेळातली थांबण्याची ठिकाणे, त्यामुळे मोठ्या शहरांच्या मानाने खामगावसारख्या गावात प्राणी कमी भेटतात. मला यात लाभच दिसतो. शेकड्याने पकडून तारे बघून शेकड्याने सोडून देण्याची सवय इथे लागत नाही. जो भेटला त्याला निरखून पाहिले जाते.

मुख्य खेळांतही २०१६च्या सन आणि मूनमध्ये २० अंडी उबवली की परीक्षक थेट श्रेणी सांगे. त्यांत शंभराव्या लेव्हलला बाटलीचे झाकण देऊन उणा गुण ३१ सारखा करूनही मिळे. जन्माचा आकडा आत मात्र तसाच राहतो आणि पिलांकडे तोच जातो. स्पर्धेत उतरणाऱ्यांची वर्षानुवर्षांची वणवण यामुळे वाचली. सहाही ३१ असलेला प्राणी रानात मिळण्याची शक्यता सुमारे १०७ कोटींत एक. तेव्हा ही सोय न्याय्यच आहे. तरी वाचनाचा आनंद डायमंड-पर्लच्या काळात सर्वाधिक होता, असे माझे स्पष्ट मत आहे. तेव्हा खेळ पूर्ण लपवतही नव्हता आणि पूर्ण सांगतही नव्हता.

ज्यांच्याकडे जुना खेळ अजून चालतो त्यांना एवढेच सांगणे आहे: लहान लेव्हलचा एखादा प्राणी घ्या, वही घ्या, दर लेव्हलला सहा आकडे लिहा आणि सूत्र स्वतः उलटे सोडवा. पहिल्या चार लेव्हल काही कळले नाही तरी कँडी थांबवू नका.