प्रकाशतंतू, डेटा सेंटर आणि जळकोटचा शेवटचा टप्पा : एक चिकित्सा

प्रस्तावना :

माहिती तंत्रज्ञानाच्या क्षेत्रात 'क्लाऊड' हा शब्द आता इतका रूढ झाला आहे की, त्यामागे प्रत्यक्ष इमारत, यंत्रे, तारा, वीज आणि पाणी असते याचे भान सुटत चालले आहे. मराठवाड्यातील माणसाला ढगाचा स्वभाव नीट ठाऊक आहे. तो दिसतो, परंतु बरसेलच याची खात्री नसते. लातूर जिल्ह्यातील जळकोटसारख्या डोंगराळ तालुक्यात या नव्या ढगाबाबतही अनुभव फारसा निराळा नाही. विद्यार्थी महाडीबीटी संकेतस्थळावर शिष्यवृत्तीचा अर्ज भरतो, शेतकरी २०२१ पासून ई-पीक पाहणीची नोंद मोबाईलवर करतो, वाडी-तांड्यावरील वृद्ध निराधार अनुदानाच्या कागदपत्रांसाठी सेवा केंद्रात येतो. हे सारे व्यवहार दूरच्या सर्व्हरवर अवलंबून असतात. 'लाईन नाही' हे दोन शब्द उच्चारले गेले की, त्याचा एक दिवसाचा रोजगार बुडतो.

डेटा सेंटरविषयीचे बहुतेक लेखन वेग, क्षमता आणि गुंतवणूक या तीन शब्दांभोवती फिरते. तेथील प्रकाशीय जाळ्याची रचना कोणत्या तत्त्वावर उभी आहे आणि ते तत्त्व ग्रामीण जाळ्याला का लागू केले गेले नाही, याची चर्चा मात्र क्वचितच होते. डेटा सेंटरच्या चार भिंतींच्या आत जे अनिवार्य मानले गेले, ते भिंतीबाहेर दीर्घकाळ ऐच्छिक का राहिले, हा प्रस्तुत लेखाचा मध्यवर्ती प्रश्न होय.

काचेचे सामर्थ्य आणि अंतराचा भ्रम :

प्रकाशतंतूच्या इतिहासात भारतीय नाव आरंभापासून आहे. पंजाबातील मोगा येथे जन्मलेले नरिंदरसिंग कपानी यांनी १९५४ मध्ये हॅरॉल्ड हॉपकिन्स यांच्यासमवेत तंतूंच्या जुडग्यातून प्रतिमा वाहून नेण्यासंबंधीचा निबंध प्रसिद्ध केला. तथापि, त्या काळातील काचेत प्रकाश फार लवकर क्षीण होत असे. १९६६ मध्ये चार्ल्स काव आणि जॉर्ज हॉकहॅम यांनी असे प्रतिपादन केले की, दोष काचेच्या मूळ गुणधर्माचा नसून तिच्यातील अशुद्धींचा आहे, आणि क्षीणता प्रतिकिलोमीटर २० डेसिबलपर्यंत आणता आली तर दूरसंचारासाठी काच वापरता येईल. १९७० मध्ये कॉर्निंग कंपनीच्या संशोधकांनी ही मर्यादा ओलांडली. काव यांना २००९ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले.

२० डेसिबल म्हणजे एका किलोमीटरनंतर मूळ प्रकाशाचा केवळ शंभरावा भाग उरणे. आजच्या तंतूत १५५० नॅनोमीटर तरंगलांबीला ही क्षीणता प्रतिकिलोमीटर सुमारे ०.२ डेसिबल असते. म्हणजेच जो ऱ्हास पूर्वी एका किलोमीटरमध्ये सोसावा लागे, तो आता शंभर किलोमीटरनंतर होतो. काचेतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर वेगाने जातो. जळकोट ते मुंबई या मार्गावरील तंतूची लांबी सहाशे किलोमीटर धरली, तरी संदेश तीन मिलिसेकंदांत पोहोचतो आणि उत्तर आणखी तीन मिलिसेकंदांत परत येते. पापणी लवण्यास याहून कितीतरी अधिक वेळ लागतो.

या साध्या गणिताचा निष्कर्ष महत्त्वाचा आहे. 'जळकोट दूर आहे, म्हणून सेवा मंद आहे' हे स्पष्टीकरण भौतिकशास्त्राच्या कसोटीवर टिकत नाही. अंतर हा प्रकाशाचा अडथळा नाही. अडथळा मार्गाच्या रचनेत, जोडांत, उपकरणांत आणि विजेत आहे. दुसरी गोष्ट अशी की, ही काच मराठवाड्याला परकी नाही. छत्रपती संभाजीनगर परिसरात वाळूज व शेंद्रा येथे स्टरलाइट टेक्नॉलॉजीज ही कंपनी काचेचे दंड आणि त्यांपासून प्रकाशतंतू तयार करते. ज्या प्रदेशात तंतू ओढला जातो, त्याच प्रदेशातील तालुक्याला तंतूच्या खंडाची झळ सोसावी लागावी, यातील विसंगती लक्षणीय आहे.

डेटा सेंटरमधील रचना : तत्त्व आणि दावे :

डेटा सेंटरमध्ये सर्व्हर उभ्या कप्प्यांत, म्हणजे रॅकमध्ये, रचलेले असतात. एका रॅकमध्ये काही मीटरपर्यंत तांब्याच्या तारा पुरेशा असतात. परंतु वेग वाढेल तसा तांब्याचा पल्ला आखडत जातो. म्हणून रॅकबाहेर प्रकाशतंतू वापरतात आणि त्याच्या दोन्ही टोकांना विद्युत संकेताचे प्रकाशात व प्रकाशाचे पुन्हा विद्युत संकेतात रूपांतर करणारे ट्रान्सीव्हर बसवितात. चारशे गिगाबिट वेगाचे ईथरनेट मानक डिसेंबर २०१७ मध्ये आणि आठशे गिगाबिटचे २०२४ मध्ये संमत झाले. प्रत्येक रूपांतरास वीज लागते व उष्णता निर्माण होते. त्यामुळे जाळ्याचा प्रश्न अंतिमतः ऊर्जेचा प्रश्न ठरतो.

पूर्वीची रचना वृक्षासारखी होती. बुंध्याशी एक-दोन मोठे स्विच, त्याखाली फांद्या व शेवटी सर्व्हर. बुंध्याचा स्विच बिघडला की सारे झाड वाळे. यावरील उपाय दूरध्वनीच्या काळातच सापडला होता. बेल प्रयोगशाळेतील चार्ल्स क्लॉस यांनी १९५३ मध्ये दाखवून दिले की, लहान स्विच अनेक स्तरांत जोडले असता कोणत्याही दोन टोकांमध्ये अनेक मार्ग उपलब्ध होतात. २००८ मध्ये अल-फारेस, लूकिसास व वाहदत यांनी याच तत्त्वावर साध्या व स्वस्त स्विचचे डेटा सेंटर जाळे मांडले. एकखोडी झाडाऐवजी पारंब्या रोवलेला वड, असे या स्थित्यंतराचे वर्णन करता येईल. एक खोड गेले तरी वड उभा राहतो.

गूगलच्या 'ज्युपिटर' जाळ्यावरील २०१५ आणि २०२२ मधील निबंध या परंपरेतील महत्त्वाचे टप्पे होत. २०२२ च्या निबंधात सूक्ष्म आरशांच्या साहाय्याने प्रकाशाचा मार्गच वळविणारे स्विच वर्णिले आहेत. येथे प्रकाशाचे विजेत रूपांतर न करताच त्याची दिशा बदलते. या बदलांमुळे जाळ्याच्या विजेत ४१ टक्के आणि भांडवली खर्चात ३० टक्के बचत झाल्याचे त्यात नमूद आहे.

या दाव्यांचे मूल्य मान्य करूनही दोन आक्षेप नोंदविणे आवश्यक ठरते. पहिला असा की, प्रयोगशाळा, प्रयोग आणि परीक्षण ही तिन्ही एकाच कंपनीच्या अंगणात आहेत. इतक्या मोठ्या जाळ्याची फेरतपासणी करणे कोणत्याही विद्यापीठाच्या आवाक्यातील नाही. दुसरा आक्षेप असा की, बचत प्रत्येक एककामागे मोजली जाते. एकूण वापर मात्र वाढत राहतो. पनवेल येथे जुलै २०२० मध्ये सुरू झालेल्या योट्टा कंपनीच्या एकाच इमारतीची क्षमता ७,२०० रॅक आणि ५० मेगावॅट अशी सांगितली जाते. कार्यक्षमता वाढली म्हणून भार घटला, असा अर्थ त्यातून काढता येत नाही.

गावापर्यंतचे जाळे : तत्त्वाचा विसर :

आता भिंतीबाहेरची रचना पाहू. केंद्र शासनाने ऑक्टोबर २०११ मध्ये राष्ट्रीय प्रकाशतंतू जाळ्यास मान्यता दिली. सुमारे अडीच लाख ग्रामपंचायतींना १०० मेगाबिट वेगाची जोडणी देणे हे त्याचे उद्दिष्ट होते. पुढे याच योजनेला 'भारतनेट' हे नाव मिळाले. तालुक्याच्या ठिकाणच्या मुख्य उपकरणापासून गावातील उपकरणापर्यंत प्रकाश विभागून नेणारे जीपॉन तंत्र त्यात स्वीकारले गेले. वाटेतील विभाजकास वीज लागत नाही, हा या तंत्राचा निश्चित गुण होय.

परंतु मांडणी प्रामुख्याने एकमार्गी होती. तालुक्यातून निघालेला तंतू गावापर्यंत एकाच वाटेने जाई. रस्त्याचे रुंदीकरण, जलवाहिनीचे खोदकाम किंवा जेसीबीचा एक फटका, आणि त्यापुढील सर्व गावे अंधारात. बुंधा तुटला की झाड वाळते, हा डेटा सेंटरने सोडून दिलेला दोष गावाच्या वाट्याला आला. शिवाय गावातील उपकरणास वीज लागतेच. तंतू शाबूत असूनही वीज गेली आणि बॅटरी उतरली की जोडणी मृतवत होते.

मूल्यमापनाच्या निकषांतही हीच उणीव दिसते. किती किलोमीटर तंतू टाकला आणि किती ग्रामपंचायती 'सेवेसाठी सज्ज' झाल्या, ही आकडेवारी ठळकपणे मांडली गेली. डेटा सेंटरचे मोजमाप मात्र वर्षातील किती मिनिटे सेवा बंद होती यावर होते. एकाच साखळीच्या दोन टोकांना दोन निराळे मापदंड लावले गेले. ग्राहक कंपनीसाठी मिनिटाचा हिशेब आणि ग्रामस्थासाठी किलोमीटरचा, असे त्याचे स्वरूप होते.

ऑगस्ट २०२३ मध्ये १,३९,५७९ कोटी रुपयांच्या सुधारित भारतनेट कार्यक्रमास मान्यता देताना एकमार्गी रचनेऐवजी वर्तुळाकार रचना स्वीकारली गेली. वर्तुळात एका बाजूने तंतू तुटला तरी दुसऱ्या बाजूने संदेश पोहोचतो. ही सुधारणा स्वागतार्ह आहे. तथापि क्लॉस यांचा सिद्धांत १९५३ चा आणि डेटा सेंटरमधील त्याचा पुनर्वापर २००८ चा, हे ध्यानात घेता विलंब ज्ञानाच्या अभावामुळे झाला असे म्हणता येत नाही.

संभाव्य प्रतिवाद :

यावर असा प्रतिवाद होऊ शकतो की, डेटा सेंटरमध्ये दुसरा मार्ग म्हणजे काही मीटरची केबल. गावासाठी तो कित्येक किलोमीटरचा चर असतो. हा मुद्दा खरा आहे आणि तो टाळणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. खर्च तंतूचा कमी आणि खोदाईचा अधिक असतो. म्हणून गावोगावी बहुस्तरीय रचना करावी, अशी मागणी येथे अभिप्रेत नाही. किमान दोन स्वतंत्र मार्ग, एवढेच तत्त्व पुरेसे आहे.

त्यासाठी नकाशा पाहण्याची दृष्टी बदलावी लागेल. जळकोटच्या एका अंगाला उदगीर व अहमदपूर, तर दुसऱ्या अंगाला नांदेड जिल्ह्यातील मुखेड आहे. तालुका हा नियोजनाचा घटक मानला की वर्तुळ तालुक्याच्या हद्दीतच पूर्ण करण्याचा मोह होतो. वास्तविक मुखेडच्या बाजूने दिलेली जोड जिल्ह्याची सीमा ओलांडते. परंतु प्रकाशाला सीमा ठाऊक नसते. व्यापक पातळीवरही हेच लागू पडते. जळकोटपासून मुंबई सरळ रेषेत सुमारे साडेचारशे किलोमीटर, तर हैदराबाद सुमारे दोनशे किलोमीटर अंतरावर आहे. ॲमेझॉनच्या सेवेचे मुंबईतील केंद्र जून २०१६ मध्ये आणि हैदराबादमधील नोव्हेंबर २०२२ मध्ये सुरू झाले. १९४८ पर्यंत मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता. राज्य बदलले म्हणून भूगोल बदलला नाही. दुसरा मार्ग त्या दिशेने असणे तांत्रिकदृष्ट्या अधिक सयुक्तिक ठरेल.

विकेंद्रीकरण आणि पाण्याचा प्रश्न :

मोठी डेटा सेंटर मराठवाड्यातही यावीत, अशी मागणी होणे स्वाभाविक आहे. मुंबईला समुद्राखालील केबल किनाऱ्याला लागतात, म्हणून तेथे एकवटीकरण झाले. त्यातील धोकाही दिसला आहे. १२ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबई महानगराचा वीजपुरवठा कोलमडला होता. असे असले तरी विकेंद्रीकरणाची मागणी डोळसपणे करावयास हवी. बाष्पीभवनाने थंड होणाऱ्या डेटा सेंटरना मोठ्या प्रमाणावर पाणी लागते. एप्रिल २०१६ मध्ये ज्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, त्या जिल्ह्यात यंत्रांची तहान भागविण्याचा करार करण्यापूर्वी माणसांचा हिशेब मांडणे अगत्याचे आहे.

याला पर्याय आहे. तालुक्याच्या ठिकाणी किंवा महाविद्यालयात हवेने थंड होणारे लहान सर्व्हर ठेवून अभ्याससामग्री, अर्जाचे नमुने व वारंवार लागणारी माहिती जवळच साठविता येते. बाहेरची वाट तुटली तरी निदान एवढे व्यवहार चालू राहतील. भरलेला अर्ज स्थानिक सर्व्हरवर थांबवून जोडणी येताच पुढे पाठविण्याची सोयही अशक्य नाही.

समारोप :

प्रस्तुत विवेचनातून तीन गोष्टी स्पष्ट होतात. एक, जळकोटची अडचण अंतराची नसून रचनेची आहे. दोन, डेटा सेंटरच्या जाळ्यातील खरी प्रगती केवळ वेगात नाही. एक दुवा तुटला तरी व्यवहार थांबू नये, या तत्त्वात ती आहे. तीन, ग्रामीण जाळ्याचे मूल्यमापन टाकलेल्या तंतूवर न होता चालू राहिलेल्या सेवेवर व्हावयास हवे. महाविद्यालयांतील संगणकशास्त्र विभागांना यात भूमिका आहे. आपल्या परिसरातील जोडणी किती वेळ बंद राहिली याची रोजची नोंदवही ठेवण्यास मोठ्या अनुदानाची गरज नाही. अशी वर्षभराची नोंद हाती असेल, तर 'लाईन नाही' हे दोन शब्द तक्रार न राहता पुरावा बनतील. आणि धोरणकर्त्यांना त्याची दखल घ्यावी लागेल.