दाराच्या फटीतला चेहरा

दूरचित्रवाणीवरचे इतिहासाचे कार्यक्रम मी हावरेपणाने पाहतो. त्यामुळे एक मुलगी मला वारंवार भेटत आली आहे. मालगाडीच्या डब्याचे दार अजून पुरते लागलेले नाही; फटीतून ती बाहेर पाहते आहे. डोक्याला फडके गुंडाळलेले. नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीतून निघालेली ही गाडी. दिवस 19 मे 1944. निवेदक खर्जातल्या आवाजात ज्यूंच्या संहाराविषयी सांगत असतो, आणि सातेक सेकंदांत मुलगी नाहीशी होते.

पन्नास वर्षे ती नाझींनी मारलेल्या ज्यूंची जणू प्रतिमाच होऊन राहिली होती. ती कोण, याचा पिच्छा आद वाखेनार या डच पत्रकाराने पुरवला. त्याच डब्यातून गेलेल्या आणि जिवंत परतलेल्या एका बाईने तिला ओळखले, आणि 1994 मध्ये नाव लागले : सेट्टेला स्टाइनबाख. वय वर्षे नऊ. मुलगी ज्यू नव्हतीच. रोमांशी नाते सांगणाऱ्या सिंती जमातीची होती. तिचे केस छावणीत कापले होते, म्हणून ते फडके. त्या गाडीत असे 245 सिंती आणि रोमा होते. त्याच उन्हाळ्यात ती ऑशविट्झला मारली गेली.

ही नजरचूक म्हणून सोडून देता येईल काय? मला तसे वाटत नाही. निवेदकाला दृष्टान्त हवा होता, आणि दृष्टान्ताला नाव लागत नाही. तिच्यासाठी हळहळताना आपण तिच्याच लोकांचा संहार विसरून बसलो होतो. शिवाय ही फीत मुळात छावणीचा प्रमुख गेमेकर याच्या हुकुमावरून निघालेली. ती घेणारा रुडोल्फ ब्रेस्लाउअर स्वतः ज्यू कैदी. पुढे तोही ऑशविट्झला रवाना झाला. हुकुमाखाली टिपलेला चेहरा आपण पुन्हा निवेदनाच्या हुकुमाखाली उभा करतो.

मग जुन्या फिती दाखवूच नयेत काय? तेही खरे नव्हे. ही फीत पुनःपुन्हा दाखवली गेली नसती तर वाखेनारला शोध घ्यावासा तरी का वाटला असता? प्रश्न दाखवण्याच्या रीतीचा आहे. हारून फारोकी या जर्मन दिग्दर्शकाने 2007 साली याच फितींवरून 'आउफशुब' हा चित्रपट केला. त्यात निवेदन नाही, संगीत नाही. चित्रे आणि मधूनमधून छापील वाक्ये, एवढेच. एका बाईच्या बॅगेवरचे नाव आणि जन्मतारीख तो आपल्याला दाखवतो. त्या अक्षरांवरूनच गाडीचा दिवस निश्चित करता आला. चित्र वाचणे म्हणतात ते हे.

परवा एका कार्यक्रमात ती मुलगी पुन्हा दिसली. निवेदकाचा आवाज चढत होता. मी तो बंद केला, आणि ती सात सेकंदे नुसते तिच्याकडे पाहिले.