हिरकणीची रात्र

एसटीच्या निमआराम गाडीचे नाव हिरकणी, स्थानकांवर स्तनदा मातांसाठी केलेल्या खोलीचे नाव हिरकणी कक्ष. पनवेलहून महाडकडे निघालेल्याला रायगड दिसण्याच्या कितीतरी आधी हे नाव भेटते. गोष्ट तर सर्वांना पाठच असते. गडावर दूध घालायला आलेली गवळण, कोजागरी, सूर्यास्ताला मिटलेले दरवाजे, खाली घरात तान्हे बाळ. ती कडा उतरून जाते, महाराज साडीचोळी देतात, कड्यावर बुरूज बांधतात.

या कथनात एक मोठी पोकळी आहे. बाई कड्याशी पोचली की पुढचे वाक्य थेट घराच्या दारात असते. मधली रात्र आपण सांगतच नाही. (कोजागरीचे चांदणे होते म्हणावे, तर कड्याच्या सावलीत ते कितीसे उतरणार?) प्रसाद ओक यांच्या २०१९च्या ‘हिरकणी’ चित्रपटाने ही पोकळी थराराने भरली आणि सोनाली कुलकर्णी यांनी ती मेहनतीने साकारलीही. तरी तिथेही बाई उतरते ती आई म्हणून. ती भ्यायली असेल, चिडली असेल, दगडाला टेकून घटकाभर नुसती बसली असेल, याला आपल्या आख्यायिकेत जागा नाही.

ती जागा जात्यावरच्या ओव्यांत आहे. घाटापलीकडे, मुळशीच्या बाजूला गी पॉइटवां आणि हेमा राईरकर यांनी ओव्या जमवायला सुरुवात केली. तो संग्रह पुढे लाखाच्या वर गेला. त्यात सीतेचा वनवास पुन्हा पुन्हा येतो आणि बायकांचे प्रश्न फार साधे आहेत. रानात एकटी निजली कशी? उशाला काय घेतले? तिचे रडणे ऐकायला माणूस नाही, तेव्हा बोरी-बाभळी बायका होऊन समजूत घालायला येतात. वड-पिंपळ नव्हे, काटेरी झाडे! सरपणाला जाणाऱ्या बाईलाच हे सुचावे. घर झोपलेले असताना पहाटे दळणारीला तो एकांत परका नव्हता.

हिरकणीची गोष्ट मात्र दरबाराच्या बाजूने सांगितली जाते, म्हणून ती बक्षिसाशी थांबते. ते बक्षीसही नीट पाहावे. जिथून बाई उतरते तिथून शत्रू चढेल, म्हणून बुरूज. गडाच्या दृष्टीने ते शहाणपणच होते. पण तिने रात्री एकटीने शोधलेली वाट सकाळनंतर बांधून काढली गेली, आणि त्या भिंतीला तिचेच नाव मिळाले.