बिबळ्याचे धनी

हिंस्र श्वापदावरचा भयपट म्हटला की रसिक मंडळी नाक मुरडतात. पशूने झेप घ्यावी, नायिकेने किंकाळी फोडावी आणि नायकाने बंदूक उचलावी, एवढ्याच भांडवलावर असले बहुतेक बोलपट उभे असतात. १९४३ साली अमेरिकेतील आर. के. ओ. कंपनीने काढलेला ‘द लेपर्ड मॅन’ याच पंगतीत बसविला गेला. परंतु ती त्याची जागा नव्हे, असे आमचे मत आहे. निर्माते व्हॅल ल्यूटन यांच्या हाती कंपनीने आधी नाव ठेवावे, खर्च दीड लाख डॉलरांच्या आत आणि लांबी सव्वा तासाच्या आत राखण्यास बजावावे, अशी तेथील रीत होती. दिग्दर्शक जाक तूर्नर यांनी हा बोलपट ६६ मिनिटांतच आटोपला आहे.

कथा न्यू मेक्सिकोतील एका गावची. जेरी मॅनिंग हा जाहिरातीचा धंदा करणारा गृहस्थ, किकी नावाच्या नटीकडे लोकांचे लक्ष वेधावे म्हणून एक काळा बिबळ्या भाड्याने आणतो. प्रतिस्पर्धी नर्तकी क्लोक्लो चिडून त्याच्यासमोर आपल्या लाकडी टाळ्या, कॅस्टानेट, खणखणविते. जनावर बिथरते आणि दोरी हिसडून अंधारात नाहीसे होते.

त्याच गावात तेरेसा नावाच्या गरीब मुलीला आई रात्री मक्याचे पीठ आणावयास पाठविते. मुलगी भिते, तर आई तिला घराबाहेर काढून दार लावून घेते. परतताना रेल्वेच्या पुलाखाली दोन डोळे लुकलुकतात. पुढे आपण घराच्या आत आणि मुलगी बाहेर. ती दार ठोठावते. आईला ते सोंग वाटते. खरे कळते तेव्हा अडसर निघत नाही, आणि दाराच्या फटीतून रक्त आत वाहत येते. झडप दाखविलेली नाही. पैशाच्या टंचाईतून उपजलेला हा संयम लाखो डॉलरांच्या देखाव्यांना साधत नाही.

वकिली पेशामुळे आमच्या मनात लगेच प्रश्न उभा राहिला : या मृत्यूचा धनी कोण? बिबळ्याला संकल्प नाही, म्हणून अपराधही नाही. इंग्रजी कायदा स्वभावतःच हिंस्र असे जनावर बाळगणाऱ्यास, त्याची हयगय सिद्ध न होताही, नुकसानीस जबाबदार धरतो. आपले धर्मशास्त्र त्याही पुढे जाऊन करणारा, करविणारा आणि अनुमोदन देणारा, अशा सर्वांना पापाचे वाटेकरी ठरविते. येथे जनावर भाड्याने देणारा, आणणारा, मिरविणारी, बिथरविणारी आणि अडसर घालणारी माताही त्या वाट्यातून सुटत नाही. बोलपट हे कोणाच्या तोंडून वदवीत नाही, पण एकालाही विसरत नाही.

यानंतरचे बळी मात्र बिबळ्याचे नव्हेत. पशूच्या नावाआड दडून ते घेणारा निघतो तो गावच्या वस्तुसंग्रहालयाचा विद्वान प्रमुख गॅलब्रेथ. कारंज्यावर नाचणारा चेंडू दाखवून, माणूसही असाच अज्ञात शक्तीच्या हातचे खेळणे आहे, असे तो सांगतो. प्रारब्धाची भाषा आपणांस परकी नाही, म्हणून हा प्रसंग आपणांस विशेष झोंबावा. केलेल्या कर्माचे ओझे झटकण्यासाठी दैवाचे नाव घेणे म्हणजे दैवाचीही विटंबना होय. उलट बिबळ्याचा गरीब मालक चार्ली, हातून काही घडले नसताही, या विद्वानाच्या बोलण्याने घाबरून स्वतःच तुरुंगात कोंडून घेतो. विद्वान सुटू पाहतो, आणि गरिबाला स्वतःचीच शंका येते!

दोष दाखविणे भाग आहे. खुनी कोण याचा संशय चाणाक्ष प्रेक्षकास लवकरच येतो. शेवटी एका बळीचा प्रियकर कबुलीजबाब देणाऱ्या गॅलब्रेथला गोळी घालतो, आणि जे न्यायासनापुढे व्हावयास हवे होते ते सूडावर उरकते. परंतु त्याआधीची मिरवणूक आम्ही विसरू शकत नाही. स्पॅनिश विजेत्यांनी कापून काढलेल्या निरपराध आदिवासी गावाच्या स्मरणार्थ काळे झगे घातलेली माणसे हाती मेणबत्त्या घेऊन चालतात, आणि खुनी त्यांच्यांत मिसळून निसटू पाहतो. जुन्या पातकाचे वर्षानुवर्षे स्मरण ठेवणाऱ्या त्या रांगेत आपल्या पातकाचे भान नसलेल्याला आसरा मिळत नाही. पालखीमागून चालणाऱ्या आपल्यासारख्यांनी एवढ्यासाठी तरी हा बोलपट पाहावा.