रकान्यात अडकलेलं विशेषण : मराठीतला ‘कॅथोलिक’

नमस्कार मंडळी.

‘मंडळी’ म्हणताना आज जरा जपूनच म्हणतोय, कारण हा शब्द आजच्या विषयात येणार आहे. आपल्यासाठी मंडळी म्हणजे समोर बसलेली माणसं. मराठी प्रॉटेस्टंट ख्रिस्ती माणूस ‘मंडळी’ म्हणतो तेव्हा त्याच्या मनात चर्च असतं. चर्चची इमारत नव्हे, श्रद्धावंतांचा समुदाय. मराठी कॅथोलिक त्याच अर्थानं ‘ख्रिस्तसभा’ म्हणतात. दोन्ही शब्द चांगले आहेत, दोन्ही मराठीत रुळलेत. अडचण या नामाची नाही. त्याला जोडून येणाऱ्या एका विशेषणाची आहे. ते विशेषण म्हणजे ‘कॅथोलिक’.

हा विषय मी निवडलेला नाही. गेल्या व्याख्यानात आपण वैशेषिकांच्या ‘सामान्य’ या पदार्थाबद्दल बोललो होतो. ते संपल्यावर एक ताई पुढे आल्या. माहेर वसईकडचं, राहतात इथे दिव्यात. म्हणाल्या, “सर, सामान्य म्हणजे युनिव्हर्सल असं तुम्ही सांगितलंत. आमचे फादर सांगतात, कॅथोलिक म्हणजेही युनिव्हर्सल. मग माझ्या मुलाच्या दाखल्यावर जातीच्या रकान्यात ‘रोमन कॅथोलिक’ का लिहिलंय?”

मी चाळीस वर्षं तत्त्वज्ञान शिकवलं, पण इतका नेमका प्रश्न परीक्षेच्या पेपरात काढायला मला कधी सुचला नाही. पुढच्या वेळी बोलतो, असं म्हणून मी तेव्हा सुटका करून घेतली. ती पुढची वेळ आज आली आहे.

एक गोष्ट आधीच सांगतो. मी ख्रिस्ती नाही. कोणाच्या श्रद्धेचा अर्थ ठरवण्याचा मला अधिकार नाही. पण शब्द मराठीत आला की तो तुमच्या-माझ्याही व्यवहाराचा होतो, तेवढ्या अधिकारानं बोलतो.

शब्दापासून सुरुवात करू. ग्रीकमध्ये ‘काता’ आणि ‘होलोस’ असे दोन शब्द आहेत. होलोस म्हणजे संपूर्ण. दोन्ही मिळून अर्थ होतो ‘संपूर्णाला धरून’. ॲरिस्टॉटल ‘कॅथोलू’ म्हणतो ते याच जोडणीतून. जे स्वभावतः अनेकांबद्दल सांगता येतं ते कॅथोलू, आणि जे एकेकट्याचं असतं ते निराळं. म्हणजे चर्चमध्ये जाण्याआधी हा शब्द तर्कशास्त्राच्या वर्गात बसत होता, हे लक्षात ठेवा.

ख्रिस्ती समुदायासाठी हे विशेषण पहिल्यांदा भेटतं ते अंत्युखियाच्या इग्नाशियसच्या पत्रात, दुसऱ्या शतकाच्या सुरुवातीला. हा बिशप कैदी म्हणून पहाऱ्यात रोमला नेला जात होता आणि वाटेत पत्रं लिहीत होता. स्मुर्णा, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातलं इझमीर, तिथल्या लोकांना लिहिलेल्या पत्रात हा शब्द आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : बिशप जिथे असेल तिथे लोकांनी जमावं, तसा ख्रिस्त जिथे आहे तिथे ही ‘कॅथोलिक’ सभा आहे. त्या काळी ख्रिस्ती माणसं होती किती? साम्राज्यात विखुरलेली मूठभर. सगळीकडे पसरलेली या अर्थानं तो शब्द वापरत असेल, हे मला पटत नाही. तो गुणाबद्दल बोलतोय. एका घरात दहा माणसं जमली तरी तिथे जे आहे ते पूर्ण आहे, तुकडा नाही.

पुढे इ.स. 381च्या सुमारास श्रद्धा-उच्चाराचं सूत्र पक्कं झालं तेव्हा चर्चला चार विशेषणं लागली : एक, पवित्र, कॅथोलिक आणि प्रेषितीय. त्याच्या थोडं आधी, 350च्या आसपास, यरुशलेमचा सिरिल नव्यानं दीक्षा घेणाऱ्यांना शिकवत होता. त्याच्या एकाच प्रवचनात या शब्दाचे दोन उपयोग दिसतात. आधी तो म्हणतो, कॅथोलिक यासाठी की ही सभा जगभर आहे, संपूर्ण शिकवण देते, राजा आणि रंक, शिकलेला आणि अडाणी अशा सगळ्यांना धरते, आणि सगळ्या प्रकारची पापं बरी करते. थोड्या वेळानं तोच सल्ला देतो, की परगावी गेलात तर नुसतं चर्च कुठे आहे असं विचारू नका, कॅथोलिक चर्च कुठे आहे असं विचारा. कारण इतर पंथही स्वतःच्या जागेला चर्चच म्हणत.

बघा काय झालं. पहिल्या वाक्यात शब्द दार उघडतोय. दुसऱ्यात तोच शब्द दारावरची पाटी झालाय. सिरिलला मी दोष देत नाही, त्याला शिष्यांना वाट दाखवायची होती. पण विशेषणाचं विशेषनाम होण्याचा प्रवास तिथे सुरू झालेला दिसतो.

या प्रवासाचा एक पुरावा आपल्या अगदी जवळचा आहे. ठाण्याचा. सन 1321. लॅटिन चर्चचे काही धर्मबंधू होर्मुझहून जहाजानं कोल्लमकडे निघाले होते आणि वाऱ्यामुळे ठाण्याच्या बंदराला लागले. तोलेंतिनोचा थॉमस, पादुआचा जेम्स, सिएनाचा पीटर आणि दुभाषा दिमित्री. बरोबर जोर्दानुस नावाचा आणखी एक धर्मगुरू होता. ते उतरले कोणाकडे? ठाण्यात तेव्हा ख्रिस्ती घरं होती. नंतर येऊन गेलेला प्रवासी ओदोरिक त्यांची संख्या 15 सांगतो, आणि ही माणसं नेस्टोरियन, म्हणजे पाखंडी, असंही बजावतो. 431च्या इफिसच्या परिषदेनं नेस्टोरियसला दोषी ठरवलं होतं, त्याचा हा शिक्का. आणि गंमत अशी, की या ‘पाखंडी’ पूर्वेकडच्या चर्चच्या प्रमुखाचं पद कोणतं? कॅथोलिकोस! म्हणजे यजमान आणि पाहुणे, दोघांच्याही घरात तोच शब्द. आणि पाहुण्यांच्या हिशेबी यजमान त्या शब्दाच्या बाहेर.

पुढची हकीकत दुःखद आहे. यजमानानं बायकोला मारहाण केली, तिनं काझीकडे तक्रार नेली, साक्षीसाठी पाहुण्यांचं नाव निघालं. चौकशीत बोलणं धर्मावर गेलं आणि अखेर चौघेही मारले गेले. जोर्दानुस तेव्हा सोपाऱ्याकडे गेला होता म्हणून वाचला. त्यानं देह नेऊन सोपाऱ्याला पुरले. आज दिव्याहून वसईला जाणारी गाडी भिवंडी, खारबाव, कामण, जूचंद्र करत त्याच मुलखातून जाते. त्या 15 घरांनी परक्या पाहुण्यांना आसरा दिला होता. माझ्या मते त्या दिवसांत ठाण्यात ‘कॅथोलिक’ या विशेषणाला शोभेल असं कोणी वागलं असेल, तर ती ही ‘पाखंडी’ घरं.

आता मराठीकडे येऊ. मराठीत या विशेषणाचं दोन तऱ्हांनी झालं. कॅथोलिकांनी मूळ शब्द तसाच ठेवला : कॅथोलिक, कुठे कॅथलिक. प्रॉटेस्टंट परंपरेत भाषांतर भेटतं : ‘सार्वत्रिक’. दोन्हींबद्दल माझी तक्रार आहे.

आधी उसन्या शब्दाची. इंग्रजीत मोठ्या सीनं लिहिलं की तो पंथ, आणि लहान सीनं लिहिलं की व्यापक, सर्वांना सामावणारा. इंग्रजी वाचकाला डोळ्यांनी फरक कळतो. देवनागरीत लहान-मोठी अक्षरं नाहीत. त्यामुळे मराठीत ‘कॅथोलिक’ लिहिलं की एकच अर्थ उरतो, तो पंथाचा. वसईतला माणूस रविवारी मिस्सेत हा शब्द म्हणतो तेव्हा तो ‘आम्ही सगळ्यांचे’ असं म्हणतोय की ‘आम्ही आमचे’ असं, हे त्याच्या शेजाऱ्याला तर नाहीच, कधी त्यालाही कळत नाही.

मग भाषांतर बरं का? ‘सार्वत्रिक’ हा ‘सर्वत्र’पासून आलेला शब्द, म्हणजे जागेचा. सार्वत्रिक पाऊस, सार्वत्रिक निवडणूक. पसारा सांगतो, पूर्णता सांगत नाही. चहाची टपरीही सार्वत्रिक असते. इग्नाशियसच्या घरातली ती दहा माणसं ‘सार्वत्रिक’ नव्हती, तरी कॅथोलिक होती. म्हणजे एका शब्दानं अर्थ कोंडला, दुसऱ्यानं पातळ केला.

इथे आपल्या शास्त्राचा उपयोग होतो. न्यायसूत्रांत पदाचा अर्थ व्यक्ती, आकृती आणि जाती असा तिन्ही मिळून सांगितलाय. इथली ‘जाती’ म्हणजे आपली जात नव्हे. सगळ्या गायींमध्ये जे समान आहे ते गोत्व, ती जाती. म्हणजे ॲरिस्टॉटलच्या ‘कॅथोलू’चा हा सख्खा चुलतभाऊ. गोत्व प्रत्येक गायीत पूर्ण असतं. हजार गायी असल्या म्हणून प्रत्येकीच्या वाट्याला हजारावा हिस्सा येत नाही. इग्नाशियसच्या विशेषणाचा अर्थ समजायला यापेक्षा चांगला दाखला मला माहीत नाही.

आणि त्याच जागी ताईंच्या प्रश्नाचं उत्तर लपलंय. सर्वांत समान असलेलं ते ‘जाती’, हा शास्त्रातला अर्थ. सर्वांपासून वेगळं करतं ती ‘जात’, हा व्यवहारातला. जे ‘कॅथोलिक’चं झालं तेच ‘जाती’चंही झालं. घसरलेले दोन शब्द दाखल्यावरच्या एकाच रकान्यात भेटले! कारकुनाचा दोष नाही. त्यानं समाजानं दिलेला अर्थच लिहिला.

पण जातीचा दाखलाही पुरता लागू पडत नाही, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. गोत्वाला तांबड्या आणि काळ्या गायीच्या फरकाशी कर्तव्य नसतं. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं 1964 साली चर्चविषयी जो दस्तऐवज केला, ‘लुमेन जेन्सियुम’, त्यात कॅथोलिकपणाचा अर्थ असा लावलाय, की प्रत्येक भाग आपलं देणं इतर भागांना आणि संपूर्णाला देतो, आणि त्यातून सगळेच वाढतात. इथे वेगळेपण पुसायचं नाही, ते आणून द्यायचंय. वसईनं हे केलंय. तिथले थॉमस डाबरे पुढे बिशप झाले, त्यांनी डॉक्टरेटसाठी विषय घेतला तुकारामांचा ईश्वरानुभव. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी ‘सुवार्ता’ चालवलं, ‘सुबोध बायबल’ लिहिलं. ही संपूर्णाला दिलेली देणी आहेत.

म्हणून मला वाटतं, मराठीत या विशेषणाला जवळचा शब्द ‘सकळ’. सकल म्हणजे स-कल, सगळ्या कलांसह, सगळ्या अंशांसह. त्याचा विरुद्ध शब्द विकल, म्हणजे ज्यात काही उणं आहे ते. ‘सकळ ख्रिस्तसभा’ म्हटलं की लगेच एक प्रश्न उभा राहतो : कोणी राहिलं तर नाही ना? ‘सार्वत्रिक’ हा प्रश्न विचारत नाही. कॅथोलिक हा उसना शब्दही विचारत नाही.

यावर माझाच आक्षेप ऐका. गेल्या काही वर्षांत ‘सकल अमुक समाज’ असे फलक आपण मोर्चांत पाहतो. तिथे ‘सकल’चा अर्थ झालाय ‘आमच्यातले सगळे’. म्हणजे माझा उमेदवार शब्दही त्याच वाटेनं निघालाय. मग फायदा काय? फायदा एवढाच, की मराठी माणसाला त्याची फोड करून दाखवता येते, ‘विकल’ शेजारी ठेवता येतो आणि शब्दाला जाब विचारता येतो. ‘कॅथोलिक’ला जाब विचारायला ग्रीक लागतं.

हा नुसता शब्दांचा खेळ आहे असं वाटत असेल तर दोन गोष्टी आठवा. 1950च्या राष्ट्रपतींच्या आदेशानं अनुसूचित जातींची यादी आधी हिंदूंपुरती ठेवली. 1956 साली शीख आले, 1990 साली बौद्ध आले. ख्रिस्ती झालेला दलित आजही त्या यादीत नाही. तुमच्या धर्मात जात नाही, असं त्याला सांगितलं जातं. आणि जिथे चर्चच्या आत सोयरिकी जात पाहूनच होतात, तिथे तो दोन्हीकडून उरतो. त्याच्या बाबतीत ती सभा ‘सकळ’ आहे का, हा प्रश्न तिनं स्वतःला विचारायचा आहे.

दुसरी गोष्ट आपली. दिब्रिटो उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष निवडले गेले तेव्हा धर्माच्या नावानं विरोध झाला. जानेवारी 2020मध्ये ते संमेलन झालं, चांगलं झालं. पण विरोध करणाऱ्यांच्या कानात ‘कॅथोलिक’ म्हणजे ‘आपल्यातला नव्हे’ असंच वाजत होतं. तेव्हा मराठी सकळ आहे की विकल, याची परीक्षा ख्रिस्ती माणसाची नव्हती, आपली होती.

ताई, दाखला बदलायला जाऊ नका, पुढे कागदपत्रांचा घोळ होईल. मुलाला मात्र सांगा, की रकान्यात लिहिलेल्या त्या शब्दाचा मूळ अर्थ रकान्यात मावत नाही.

प्रश्न असतील तर आता घेऊ. पुढच्या वेळी ‘पवित्र’ या विशेषणाकडे वळू, तेही काही कमी त्रासदायक नाही.