रोज एक दिवस मागे

डॅन सिमन्सची ‘हायपेरिअन’ ही कादंबरी मी पहिल्यांदा वाचली ती इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला, हॉस्टेलवर, आणि तिच्यात चुका काढण्यासाठीच वाचली. 1989 साली आलेल्या या कादंबरीला पुढच्या वर्षी ह्यूगो पुरस्कार मिळाला. चॉसरच्या यात्रेकरूंसारखे इथेही सात यात्रेकरू आहेत. हायपेरिअन नावाच्या ग्रहावरच्या ‘टाइम टूम्ब्ज’कडे, म्हणजे काळाच्या थडग्यांकडे, ते निघालेत आणि वाटेत एकेक जण आपली गोष्ट सांगतो. ही थडगी भविष्यातून भूतकाळाकडे प्रवास करताहेत. त्यांच्याभोवती काळाची भरती-ओहोटी चालते आणि श्राइक नावाचा काटेरी, पोलादी राक्षस तिथे वावरतो.

या सगळ्याला सिमन्सनं दिलेलं स्पष्टीकरण म्हणजे ‘अँटी-एन्ट्रॉपिक फील्ड्स’. थर्मोडायनॅमिक्सचा पेपर नुकताच दिलेल्या मला ते नुसतं नाव वाटलं. नाव दिलं म्हणजे कारण दिलं असं होत नाही, असं म्हणून मी पुस्तक मित्राला देऊन टाकलं.

गेल्या वर्षी ते पुन्हा वाचलं, तेव्हा चौथ्या गोष्टीपाशी अडकलो. नीतिशास्त्राचा प्राध्यापक सोल वाइनट्रॉब याची ही गोष्ट. त्याची मुलगी रेचेल पुरातत्त्वज्ञ. सव्विसाव्या वर्षी ती स्फिंक्स नावाच्या थडग्यात काम करत असताना काहीतरी घडतं आणि तिचं वय उलटं जाऊ लागतं. डॉक्टर त्याला ‘मर्लिनचा आजार’ म्हणतात, पण उपाय कुणाकडेच नाही. रोज सकाळी ती एका दिवसानं लहान होऊन उठते. काल जे जगली ते पुसलेलं असतंच, शिवाय जुन्या आयुष्यातला आणखी एक दिवस गेलेला असतो. आमच्या भाषेत सांगायचं तर सिस्टीम रोज रात्री बॅकअपवर परत जाते, आणि तो बॅकअपही रोज एका दिवसानं जुना होत जातो.

शंका काढायच्या तर भरपूर आहेत. शरीराचा काळ उलटा वाहतोय, तर ती दिवसभर आपल्यासारखी बोलते, जेवते, समजून घेते ती कशी? पण दुसऱ्या वाचनात मला या शंकांचं काही वाटेना. सिमन्स कारण सांगत नाही, पण हिशोब मात्र चोख ठेवतो. नियम एकच, एका रात्रीला एक दिवस, आणि त्यात सूट नाही. मैत्रिणी पुढे निघून जातात, शिकलेलं शास्त्र विसरलं जातं, मग एक दिवस वाचता येणं जातं, आणि यात्रेला निघेपर्यंत सोलच्या हातात तान्हं बाळ असतं. बापाला शेवटची तारीख पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे. त्याला पडणारी स्वप्नं अब्राहामाला इसहाकासाठी मिळालेल्या आज्ञेसारखी आहेत: मुलीला हायपेरिअनवर ने आणि अर्पण कर. श्रियाळ-चांगुणेची गोष्ट ऐकत वाढलेल्या आपल्यासारख्यांना ही मागणी परकी नाही. फरक एवढाच, की सोल देवाशी वाद घालतो.

मला अडकवलं ते मात्र एका छोट्या प्रसंगानं. सुरुवातीला रेचेलला रोज सकाळी सगळं सांगितलं जातं: तुला काय झालंय, मध्ये किती वर्षं गेलीत. रोज ती ते पहिल्यांदाच ऐकते. एके दिवशी तीच आईवडिलांना म्हणते, यापुढे मला सांगू नका.

आमच्या घरी आजी रोज दिवेलागणीला विचारायची, “हे अजून आले नाहीत का?” आजोबांना जाऊन चार वर्षं झाली होती. मी सुट्टीला घरी गेलो तेव्हा तिच्यापासून लपवणं मला पटेना. तिला खरं कळायचा हक्क आहे, असं म्हणून मी तिला शेजारी बसवून सांगितलं. ती रात्रभर रडली. दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला पुन्हा, “हे अजून आले नाहीत का?” मी तोंड उघडायच्या आत काकू म्हणाली, “येतील हो आई, तुम्ही जेवून घ्या.” तेव्हा मला काकूचा राग आला होता. रेचेलचा प्रसंग वाचताना कळलं, की मी आजीला खरं सांगितलं नव्हतं, तिला पुन्हा एकदा विधवा केलं होतं. रेचेलला निदान स्वतः नको म्हणता आलं.

म्हणूनच दुसरा भाग, ‘द फॉल ऑफ हायपेरिअन’, मला कमी पटतो. शेवट सांगत नाही, पण तिथे थडगी कुणी पाठवली, का पाठवली, सगळं उलगडतं. दूरच्या भविष्यातल्या दोन महाबुद्धींचं युद्ध समोर येतं आणि एका बापाचं दुःख कुणाच्या तरी योजनेतली एक पायरी होऊन बसतं. कॉलेजात मला जे हवं होतं, ते सिमन्सनं तिथे दिलंय. ते मिळाल्यावर कळलं, की पहिल्या भागाला त्याची गरज नव्हती. सोलला कारण कळलं असतं, तरी दुसऱ्या दिवशी सकाळी मुलीला काय सांगायचं हा प्रश्न तसाच राहिला असता.

आजी गेल्या वैशाखात गेली. शेवटचे काही महिने तिच्या प्रश्नाला मीही “येतील” असंच म्हणायचो. ते बरोबर होतं का, याचं उत्तर सोलकडेही नाही. पण हा प्रश्न इतक्या नेमका मांडणारी विज्ञानकथा मी दुसरी वाचलेली नाही.