नटीचा वानप्रस्थ आणि बोर्डीचा किनारा

अलीकडे आपल्या नियतकालिकांत एका ठराविक कथेनें चांगलेंच बस्तान बसविलें आहे. एक नटी असते. रूप, पैसा, लौकिक, सर्व कांहीं तिच्या पायांशीं लोळण घेत असतें. एके दिवशीं तिला या साऱ्याचा वीट येतो. ती मुंबई सोडते, डोंगराच्या कुशींत किंवा समुद्राकांठीं चार एकर जमीन घेते, मांसमच्छी व पुढें दूधहि वर्ज्य करते, झाडें लावते, आणि एखाद्या धरणाविरुद्ध वा कारखान्याविरुद्ध उभ्या राहिलेल्या लोकांत जाऊन बसते. मजकुराशेजारीं दोन चित्रें हटकून असतात. एक पूर्वींचें, दागिन्यांनीं मढलेलें. दुसरें आतांचें, सुती लुगड्यांतलें, हातांत रोप घेतलेलें.

या नायिकांविषयीं आमची तक्रार नाहीं. त्यांपैकीं कित्येकींचें काम प्रामाणिक आहे. तक्रार आहे ती त्यांच्यावर लिहिणाऱ्यांविषयीं. ही कथा आतां एक वाङ्मयप्रकारच होऊन बसली आहे, तेव्हां तिचेंहि परीक्षण व्हावयास हवें. तिची घडण कोठून आली, ती काय दाखविते आणि काय झांकते, हें पाहण्यासाठीं आम्हीं मुद्दाम डहाणू तालुक्यांतील बोर्डी व तिच्या आसपासचा किनारा कसोटीस घेतला आहे. त्याचें कारण पुढें येईलच.

घडण जुनी आहे. मंगळवेढ्याची कान्होपात्रा ही या सर्व नायिकांची मूळ आई. गणिकेची रूपवती मुलगी, बेदरच्या बादशहाचें बोलावणें, तिचा नकार, आणि विठ्ठलाच्या पायांशीं देहत्याग. महीपतींनीं 'भक्तिविजयां'त ती सांगितली, आणि गंधर्व नाटक मंडळीनें १९३१ सालीं ती रंगभूमीवर आणली. पंढरपूरच्या देवळांत जेथें तिला पुरलें तेथें तरटीचें झाड उगवलें, अशी श्रद्धा आहे. म्हणजे शेवटीं झाडहि आहेच! परंतु एक भेद लक्षांत ठेवला पाहिजे. कान्होपात्रेला दुसरा दिवस नाहीं. शरण जाणें हेंच तिचें सर्व कर्तृत्व, आणि तें एका क्षणांत पुरें होतें; भक्तिकथेस तेवढें पुरतें. जंगल राखणें, खाडी राखणें, कारखान्याच्या धुराशीं झगडणें हीं कामें मात्र त्या दुसऱ्या दिवशींच सुरू होतात आणि पुढें तीस-तीस वर्षें चालतात. आजचा लेखक कान्होपात्रेचा सांचा घेतो, त्यांत नटीला ओततो, आणि दुसरा दिवस उजाडण्यापूर्वींच लेखणी खालीं ठेवतो. तिनें काय टाकलें याची यादी लांबलचक असते. तिनें काय उचललें, त्याचें पुढें काय झालें, कोणाचें बरें झालें व कोणाचें वाईट, हें वाचकास कळत नाहीं.

कोणाचें वाईट झालें हा प्रश्न कित्येकांस विचित्र वाटेल. झाडें लावून आणि मुक्या प्राण्यांवर दया करून कोणाचें वाईट होणार? या प्रकारांतील जगांत सर्वांत गाजलेली कथा ब्रिजित बार्दो या फ्रेंच नटीची. ती थोडी विस्तारानें पाहूं. १९७३ सालीं, वयाची चाळिशी गांठण्यापूर्वींच, तिनें चित्रपट कायमचे सोडले. १९७७ सालीं ती कॅनडाच्या बर्फावर गेली आणि सीलच्या पांढऱ्या पिलांची कत्तल तिनें जगापुढें मांडली. १९८६ सालीं प्राण्यांच्या रक्षणासाठीं तिनें स्वतःच्या नांवाची संस्था काढली व पुढच्याच वर्षीं आपले दागिने नि वस्तू लिलावांत विकून संस्थेस भांडवल दिलें. ती स्वतः शाकाहारी होती. तिच्या व इतर अनेकांच्या मोहिमेमुळें युरोपीय समाईक बाजारानें १९८३ सालीं त्या पिलांच्या कातड्यांची आयात बंद केली. येथवर कथा सांच्यांत चपखल बसते. पण कातड्यांचा बाजार बसला तो सगळाच बसला, आणि उत्तर ध्रुवाकडील इनुइट लोक त्यांत भरडले गेले. हे लोक वाढलेल्या सीलची शिकार करून त्याचें मांस खात आणि कातडें विकून संसाराच्या चार वस्तू घेत. बंदीच्या कायद्यांत त्यांच्यासाठीं अपवाद लिहिलेला होता. परंतु गिऱ्हाईकच उरलें नाहीं तेथें अपवाद काय कामाचा? पुढें याच बार्दोला मुसलमानांच्या पशुवधाच्या रीतीवरून व परकीयांविषयीं केलेल्या लेखनावरून फ्रान्सच्या न्यायालयांनीं वंशद्वेष चेतविल्याबद्दल अनेकदां दंड केला. तिचा त्याग खोटा होता असें आम्ही म्हणत नाहीं. तो पुरेपूर खरा होता. त्याग खरा असूनहि दृष्टि अरुंद असूं शकते, एवढेंच त्यावरून दिसतें. आणि आमच्या त्यागकथेला नेमकें हेंच दिसत नाहीं, कारण तिच्या हिशेबीं त्यागाची रक्कम मोठी असली कीं पुढची वही उघडण्याचें कारणच उरत नाहीं.

आपल्याकडची उदाहरणें इतकीं नाट्यमय नाहींत, आणि म्हणूनच तीं अधिक बोधप्रद आहेत. देविकाराणी १९४५ सालीं चित्रपटांतून बाहेर पडल्या आणि चित्रकार रोरिक यांच्यासह अखेर बंगळूरजवळ सुगंधी तेलाच्या झाडांच्या मळ्यांत राहिल्या. अमला अक्किनेनी यांनीं १९९२ च्या सुमारास चित्रपट सोडून हैदराबादेस 'ब्ल्यू क्रॉस' ही प्राण्यांची संस्था काढली, ती चालविली, आणि वीस वर्षांनीं, २०१२ सालीं, त्या पुनः पडद्यावर आल्या. त्यागकथेला हें परत येणें पचत नाहीं. तिच्या मतें तें पतनच. वास्तविक दवाखाना चालू असेल तर बाईंनीं एखाद्या चित्रपटांत काम केलें म्हणून जखमी कुत्र्याचें काय बिघडलें? आपल्या मराठींत पाहावें तर संपदा जोगळेकर-कुलकर्णी या अभिनेत्रीनें पतीसह रत्नागिरी जिल्ह्यांत फुणगूस येथें 'आनंदाचं शेत' उभें केलें आहे. नांवांतच आनंद आहे, त्यागाचा गंधहि नाहीं. आम्हांला तें नांव फार आवडलें.

बोर्डी ज्या पालघर जिल्ह्यांत आहे त्याच जिल्ह्यांत वाडें येथें जुही चावला यांची शेती आहे. त्यांनीं चित्रपट सर्वस्वीं सोडलेले नाहींत. परंतु पर्यावरणाच्या प्रश्नांत त्या हिरिरीनें पडल्या आहेत. दूरध्वनीच्या नव्या लहरींविरुद्ध त्यांनीं २०२१ सालीं दिल्लीच्या उच्च न्यायालयांत दावा लावला. न्यायालयानें तो प्रसिद्धीसाठीं असल्याचें म्हणून वीस लाखांचा भुर्दंड बसविला. पुढच्या वर्षीं वरच्या पीठानें तो दोन लाखांवर आणला व तो ठपकाहि काढून टाकला. दाव्याचे गुणदोष आम्ही येथें तोलीत नाहीं. आम्हांला दिसतें तें असें कीं नटीची कीर्ति ही दुधारी आहे. ती वर्तमानपत्राचें दार उघडते आणि न्यायालयांत संशय उत्पन्न करते.

आतां डहाणूकडे वळूं. या तालुक्यानें पर्यावरणाचा लढा दिला तो सगळा बिनकीर्तीच्या माणसांच्या बळावर. औष्णिक वीजकेंद्राविरुद्ध येथील नागरिक न्यायालयांत गेले आणि १९९१ सालीं सर्वोच्च न्यायालयांत हरले. त्याच वर्षीं २० जून रोजीं केंद्र सरकारनें अधिसूचना काढून सबंध तालुका पर्यावरणदृष्ट्या नाजूक ठरविला व उद्योगांना पांचशें एकरांची मर्यादा घातली. ती कागदावर राहूं नये म्हणून पुनः दावा झाला; बिट्टू सहगल यांच्या अर्जावर सर्वोच्च न्यायालयानें ३१ ऑक्टोबर १९९६ रोजीं निकाल दिला, आणि त्यांतून न्यायमूर्ति चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्या अध्यक्षतेखालीं डहाणू तालुका पर्यावरण संरक्षण प्राधिकरण स्थापन झालें. हरलेल्या खटल्यांतलें वीजकेंद्र उभें राहिलें होतेंच. पण त्याच्या धुरांतील गंधकाचा वायु काढून टाकणारी यंत्रणा बसविण्यास कंपनीला या प्राधिकरणानें भाग पाडलें, व ती २००७ सालीं चालू झाली. वाढवणचें बंदर १९९८ सालीं याच प्राधिकरणानें नाकारलें. धर्माधिकारी २०१९ सालीं वारले. २०२३ च्या जुलैंत त्याच प्राधिकरणानें त्याच बंदरास अटींवर संमति दिली, आणि ३० ऑगस्ट २०२४ रोजीं त्याची पायाभरणी झाली.

हा तीन दशकांहून अधिक काळाचा इतिहास आहे. त्यांत जय आहे, पराजय आहे, जिंकलेलें हातचें जाणें आहे. नर्गिस इराणी यांच्यासारख्या स्थानिक बाईंनीं त्यांत वर्षानुवर्षें खपून काम केलें. पण दोन चित्रांच्या चौकटींत त्यांना जागा मिळत नाहीं, कारण त्यांनीं टाकलेलें असें झगमगीत कांहीं नाहीं. जिच्याजवळ टाकण्यासारखें कांहीं नाहीं तिचें काम या कथेच्या भाषेंत सांगतांच येत नाहीं, हा या वाङ्मयप्रकाराचा सर्वांत मोठा दोष आम्ही समजतों.

आहाराचा प्रश्न आम्हीं मुद्दाम मागें ठेवला होता. दूधहि न घेणाऱ्या शाकाहाराला 'व्हीगन' हा शब्द इंग्लंडांत १९४४ सालीं मिळाला. परंतु ही कल्पना आपणांस नवी नाहीं. गांधीजींनीं १९१२ सालीं दूध सोडलें, पुढें दुखण्यांत त्यांना शेळीच्या दुधावर यावें लागलें, आणि ती खंत त्यांनीं आत्मकथेंत नोंदवून ठेवली आहे. ज्याला जें खावयाचें नसेल तें त्यानें खाऊं नये. त्यांत संयम आहे व आजच्या हवापाण्याच्या दृष्टीनें शहाणपणहि आहे. पण हीच गोष्ट कथेंत आली कीं ती पायरी बनते, आणि पायरी म्हटली कीं कोणी वर व कोणी खालीं आलेच. आपल्या देशांत आहाराची पायरी ही जातीच्या पायरीशेजारींच बांधलेली आहे, हें लिहिणाऱ्यानें विसरूं नये.

बोर्डीस चिकूच्या वाड्या आहेत. डहाणू-घोलवडच्या चिकूस २०१६ सालीं भौगोलिक मानांकनहि मिळालें. वनस्पत्याहारी नायिकेला याहून शोभिवंत पार्श्वभूमि कोठें मिळणार? पण वाडी ओलांडून किनाऱ्यावर आलें कीं मांगेल्यांचीं व माच्छींचीं घरें लागतात. शेजारचें झाई तर मासळीवरच जगतें. उलट दिशेला तलासरीकडे वळलें कीं वारल्यांचे पाडे. त्यांच्या रोजच्या जेवणांत नाचणीची भाकर, तांदळाची पेज, पावसाळ्यांत रानभाज्या, आणि चवीला खेंकडा किंवा सुकी मासळी. म्हणजे बहुतेक सगळें अन्न वनस्पतींचेंच! त्याला कोणी व्रत म्हणत नाहीं, त्याचीं चित्रें छापीत नाहीं. त्याला दारिद्र्य म्हणतात. आणि वाढवणच्या बंदराविरुद्ध सर्वांत आधीं व सर्वांत जोरानें जे उभे राहिले ते मासे मारणारे व मासे खाणारे लोक होते. खाडी जिवंत राहिली पाहिजे हें त्यांना पुस्तकांतून शिकावें लागलें नाहीं. उद्यां एखादी कीर्तिमान नटी त्यांच्याबरोबर रेतींत येऊन बसली तर आनंदच आहे. मात्र तिच्यावर लिहिणारा जर तिच्या ताटाचें माहात्म्य गाऊं लागला, तर बर्फावर इनुइटांचें जें झालें त्याचीच येथें एक लहान आवृत्ति निघेल. शेजारीं बसलेला मांगेला त्या लेखांत सोबती म्हणून न येतां अद्याप न सुधारलेला माणूस म्हणून येईल.

मग असें लिहावें तरी कसें? याचें उत्तर याच भूमीनें दिलेलें आहे. बोर्डीस १९४५ सालीं ताराबाई मोडक आल्या. राजकोटच्या ट्रेनिंग कॉलेजचें प्राचार्यपद भूषविलेल्या या बाईंचें नांव घेतल्यावर वाचकाला आठवते ती अंगणवाडी. त्यांनीं काय सोडलें तें आठवत नाहीं. त्याच वर्षीं २३ मे रोजीं तलासरीजवळ झरी येथें वारल्यांची परिषद भरली. गोदावरी परुळेकर या महाराष्ट्रांतील कायद्याच्या पहिल्या स्त्री-पदवीधर, पुण्याच्या सुखवस्तु घरांतल्या. सोडलेल्या गोष्टींची यादी करावयाची तर ती त्यांनाहि करतां आली असती. पण १९७० सालीं प्रसिद्ध झालेल्या 'जेव्हा माणूस जागा होतो' या त्यांच्या पुस्तकांत मध्यभागीं आहेत ते वेठबिगारींत पिचलेले वारली, लग्नासाठीं काढलेल्या कर्जापायीं जन्माचे गुलाम झालेले लग्नगडी, आणि त्यांच्या मनांतून हळूहळू जाणारी भीति. लेखिका तेथें सतत हजर आहे, पण आरशापुढें उभी नाहीं. १९७२ सालीं त्या पुस्तकास साहित्य अकादमीचें पारितोषिक मिळालें, तें योग्यच झालें.

त्याच सुमारास हंसा वाडकरांचें 'सांगत्ये ऐका' पुस्तकरूपानें आलें, हाहि एक योगायोगच. तें नटीचेंच आत्मकथन. पडदा सोडून घरसंसारांत स्थिर होण्याची ओढ त्यांत आहे, तो संसार हातीं न लागण्याचें दुःख आहे, आणि सुटकेची बतावणी मात्र कोठेंहि नाहीं. नटीच्या जीवनावर लिहूं इच्छिणाऱ्यानें दागिन्यांतलें चित्र शोधण्यापूर्वीं हें पुस्तक वाचावें. आणि पर्यावरणावर लिहूं इच्छिणाऱ्यानें डहाणूच्या त्या प्राधिकरणापुढील सुनावण्यांचे कागद उघडावेत; चिकूचा बहर, खाडीतली मासळी आणि वीजकेंद्राची राख यांच्या साक्षीजबान्या तेथून पुढें लिहिल्या जाण्याची वाट पाहत आहेत.